टॅमरॅकहून गेलेली टीम

आयली राउतिओ आमच्या हॉस्पिटलात एक्स-रे काढायची. टॅमरॅक हे सोन्याच्या खाणीचं गाव. त्यामुळे तिच्या खोलीबाहेरच्या बाकावर दोनच प्रकारची माणसं बसलेली दिसायची. एक म्हणजे छातीचा वार्षिक फोटो काढायला आलेले खाणकामगार, आणि दुसरे म्हणजे हिवाळाभर काही ना काही मोडून घेऊन येणारे आमच्या बर्फावरच्या हॉकी टीमचे खेळाडू. टीमचं नाव होतं टॅमरॅक ड्रिलर्स. पगारी खेळाडूंची, लीगमधली खरीखुरी टीम. एवढ्याशा गावाला ती कशी काय मिळाली याचं बाहेरच्यांना नवल वाटायचं. आम्हाला वाटत नसे.

मी तिथे नर्स होते. आयली माझ्याहून बरीच मोठी, पण आमची पहिल्या महिन्यातच गट्टी जमली, कारण तिच्या प्रश्नांना न कंटाळणारी त्या इमारतीत मी एकटीच होते. ती उंच, हाडकुळी होती. प्रश्न विचारला की मान जरा तिरकी करायची आणि उत्तर मिळेपर्यंत जागची हलायची नाही. आमचे मोठे डॉक्टर तिला चुकवायला मागच्या जिन्याने जात.

गंमत म्हणजे जन्म टॅमरॅकमध्ये काढूनही तिने चाळिशीपर्यंत एकही सामना पाहिला नव्हता. तिचे वडील फिनलंडहून आले तेव्हा सोबत वाफेच्या न्हाणीघराचं वेड घेऊन आले होते, आणि शनिवारची संध्याकाळ त्यांच्या घरात न्हाण्यासाठी राखून ठेवलेली असे. सामनेही नेमके शनिवारी.

ते बदललं ते आमच्या गोलकीपरमुळे. लिओनेल पेपँ त्याचं नाव. तो एकदा करंगळी धरून आला. आयलीने फोटो उजेडावर धरला आणि बराच वेळ बघत राहिली. हाड असं फुटलं होतं की कुठला तुकडा कुठून आला ते तिला जुळवता येईना. तिने विचारलं, हे कशाने झालं. तो म्हणाला, रबराच्या चकतीने. आयली म्हणाली की चकतीने असं होत नाही. लिओनेलला वेदना होत होत्या, तरी तो हसला आणि म्हणाला, "मग शनिवारी येऊन बघा की."

ती गेली. आणि पुढे एकही शनिवार चुकली नाही. न्हाणं शुक्रवारी झालं.

आमचं अरीना, म्हणजे छपराखालचं बर्फाचं मैदान, खाणीच्या कंपनीने बांधलेलं होतं. लाकडी छप्पर, लाकडी बाकं, आणि एका गोलच्या मागच्या भिंतीला लागून बॉयलरची खोली. त्या कोपऱ्यातला बर्फ नेहमी जरा मऊ असायचा. चकती तिथे अडायची. आमच्या पोरांना ते ठाऊक होतं, पाहुण्यांना नसायचं, आणि आमचे निम्मे विजय त्या कोपऱ्यातले होते असं म्हटलं तरी चालेल. आयलीने हे पहिल्या दिवशीच हेरलं आणि मुद्दाम त्याच कोपऱ्यात जागा धरली. शेजारी मी. खेळाचे नियम तिला शेवटपर्यंत अर्धवटच कळले, पण ती माणसं वेगळ्याच तऱ्हेने ओळखायची. "तो नऊ नंबर बघ," ती म्हणायची, "डाव्या बाजूने कुणाला धडकत नाही. त्या बाजूचं, गळ्याखालचं हाड दोनदा मोडलंय त्याचं. त्याला वाटतं कुणाला कळत नाही." अख्ख्या टीमची हाडं तिने आतून पाहिलेली होती. कुणाचं नाक कुणाच्या कोपराने वाकडं झालं हे तिला वर्तमानपत्रवाल्याच्या आधी माहीत असे.

टीमने लीगचा कप जिंकला तेव्हा आगीच्या बंबावरून मिरवणूक निघाली आणि आयली हॉस्पिटलच्या पायरीवर उभी राहून प्रत्येकाला त्याच्या मोडलेल्या हाडाच्या नावाने हाका मारत होती. पोरं खूश.

त्यानंतर तिसऱ्या उन्हाळ्यात टीम विकली गेली.

सकाळी नाश्त्याच्या वेळी रेडिओवर सांगितलं. टीमचे मालक हेक्टर लाशापेल लाकडाचे व्यापारी होते, गावातच राहायचे. त्यांनी टीम रिव्हिएर-नुआर नावाच्या गावाला विकली होती. हे गाव आमच्या प्रांताच्या हद्दीपलीकडे, क्विबेकमध्ये, आमच्याहून मोठं, नवीन कागद कारखान्याचं. दुपारपर्यंत लाशापेलसाहेबांच्या खिडक्यांवर अंडी फुटली. संध्याकाळी आयली मला म्हणाली, चल, आपण त्यांना भेटून येऊ. मला वाटलं भांडायला. पण ती भांडायला निघालीच नव्हती.

साहेब ऑफिसात एकटे बसले होते. डोळे सुजलेले. त्यांनी आम्हाला बसायलासुद्धा सांगितलं नाही.

"तुम्ही नक्की काय विकलंत, तेवढं सांगाल?" आयलीने विचारलं.

"टीम विकली."

"म्हणजे अरीना?"

"ते खाणीचं आहे."

"मग खेळाडू?"

"त्यांचे करार गेले. पण पुढच्या वर्षी त्यातला कोण कुठे असेल, देव जाणे."

"टीमचं नाव?"

"नाव त्यांना नकोच होतं. ते 'कास्तोर' ठेवणार आहेत. बीव्हर."

आयलीची मान तिरकी झाली. ती हलेना. साहेबांनी सुस्कारा सोडला आणि मग त्यांनी नीट सांगितलं. लीगमध्ये ठरावीक जागा असतात. त्यातली एक जागा आमच्या गावाकडे होती. त्या जागेचा हक्क म्हणजे टीम. तो हक्क ज्याच्याकडे, त्याच्याकडे टीम, मग तो ती कुठेही नेवो आणि काहीही म्हणो. खाणीतलं सोनं कमी झालं होतं, बाकं रिकामी राहायला लागली होती, त्यांच्याच्याने पुढे रेटवत नव्हतं.

आम्ही उठलो तेव्हा ते म्हणाले, "मिस राउतिओ, आज मला शिव्या द्यायला पुष्कळजण आले. हे मात्र कुणी विचारलं नाही."

आम्ही घराकडे चालत निघालो. फाटकाशी आल्यावर आयली म्हणाली, "जोसेट, मला जाऊन बघायला हवं. तिकडे आपलं काय काय पोचलंय ते."

मला आधी ते वेडेपणाचं वाटलं. पण मी फ्रेंच बोलणाऱ्या घरातली, तिला त्या गावात दुभाषी लागणार होती, आणि खरं सांगायचं तर शनिवार मलाही खायला उठत होता. जानेवारीत आम्ही तिच्या जुन्या फोर्डमधून निघालो. दिवसभराचा रस्ता, दोन्ही बाजूंना बर्फाच्या भिंती, आणि मांडीवर तिने भाजलेला वेलदोड्याचा गोड पाव.

रिव्हिएर-नुआरचं अरीना सिमेंटचं होतं, नवीन, झगझगीत. टीम हिरव्या कपड्यात बर्फावर आली, आणि आयलीने माझा दंड धरला. निम्म्याहून जास्त आपलीच पोरं. नऊ नंबर आता सतरा नंबर झाला होता, पण डावी बाजू तशीच जपत होता. लिओनेल गोलमध्ये. ती मोठ्याने ओरडली, "करंगळी!" आणि त्याने जाळीदार मुखवट्यातून आमच्याकडे पाहून काठी उंचावली.

आमच्या मागे एक जाडजूड गृहस्थ बसले होते. गास्ताँ थिबो त्यांचं नाव, कारखान्यात फोरमन. त्यांनी वाकून विचारलं की तुम्ही कुठल्या. मी सांगितलं. ते आजूबाजूच्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "म्हणजे घटस्फोट झाला आणि तुम्ही नवऱ्याच्या दुसऱ्या लग्नाला जेवायला आलात."

मी भाषांतर करू की नको अशा विचारात पडले. पण आयलीने हट्ट धरला म्हणून केलं. ती वळून म्हणाली, "जेवण चांगलं असेल तर काय हरकत आहे? आणि नवरीला चार गोष्टी सांगायला हव्यात. तो झोपेत घोरतो."

थिबो इतके हसले की त्यांच्या हातातलं सूप सांडलं. सामना संपल्यावर त्यांनी आम्हाला घरी नेऊन मांसाचं सारण भरून भाजलेली जाड पोळी खाऊ घातली.

पुढे दर जानेवारीत आम्ही जायचो. दर वर्षी आपलं काही तरी कमी झालेलं असायचं. लिओनेल निवृत्त झाला. कोणी दुसऱ्या टीमकडे गेलं, कोणी घरी बसलं. आयली नव्या चेहऱ्यांतून जुने शोधायची. तिला दुःख होतंय असं मला कधी वाटलं नाही. नदी गोठताना कुठून गोठायला लागते हे बघायला जसं कोणी रोज काठावर जातं, तसं काहीसं ते होतं. पाच-सहा हिवाळ्यांनंतर सतरा नंबरही दिसला नाही. त्या दिवशी मी म्हटलं, झालं, संपलं. आता काय राहिलंय?

आयली म्हणाली, "वासिल राहिलाय."

वासिल हनातिव टीमचं सामान सांभाळायचा. गावातलाच, युक्रेनी आईबापांचा. तरुणपणी खाणीत ड्रिल चालवायचा, पाय चेंगरल्यावर टीमकडे आला. कपडे, काठ्या, पट्ट्या, आणि मुख्य म्हणजे स्केटची, बर्फावर घसरायच्या बुटांची, पाती. धार लावायचं एक जुनं मशीन होतं त्याच्याकडे, टॅमरॅकच्या लोहाराने जोडून दिलेलं, ते घेऊनच तो रिव्हिएर-नुआरला गेला होता. खेळाडू येत-जात राहिले, पण धार वासिलचीच. आम्ही त्याला भेटायला कधी गेलोच नव्हतो, कारण तो बर्फावर दिसायचा नाही. त्या दिवशी सामन्यानंतर आम्ही खाली गेलो.

तो मशीनवर वाकला होता. ठिणग्या उडत होत्या. आयलीला पाहून तो म्हणाला, "इतकी वर्षं वर बसून निघून जायचीस. आता खेळाडू संपले तेव्हा माझी आठवण झाली होय?"

"तू काही मोडून घेतलं नाहीस कधी," आयली म्हणाली, "तुझी ओळख कशी राहणार?"

पण ते खरं नव्हतं. त्याच्या पायाचा फोटो तिनेच काढला होता, आणि खाणीत असताना छातीचेही. ते दोघांना माहीत होतं. तेव्हापासून आम्ही आधी खाली जायचो. आयली त्याला पाव द्यायची, तो आम्हाला त्या हिवाळ्यातल्या भानगडी सांगायचा. कोण घरच्या आठवणीने रडतो, कोणाच्या मोज्यात भोक असलं तरच गोल होतो. आयलीला धार लावण्याबद्दल सगळं हवं असायचं. पात्याला मध्ये खोबण का, दोन्ही कडा सारख्या आहेत हे कसं कळतं. तो नख घासून दाखवायचा. परतीच्या वाटेवर तिने एकदाच म्हटलं, "त्याचा खोकला ऐकलास?" मी हो म्हटलं. अरीनाच्या तळघरातल्या गारव्याने असेल, असं मी म्हणाले. 

मग एका वसंतात सकाळी हॉस्पिटलात फोन आला, आयलीसाठी. पलीकडे गास्ताँ थिबो. कारखाना तोट्यात गेला होता आणि टीम पुन्हा विकली गेली होती. या वेळी थेट अमेरिकेत, दक्षिणेला, समुद्रकाठच्या वेसमाउथ नावाच्या शहरात. थिबोंचा आवाज बारीक झाला होता. मी रिसीव्हर आमच्या दोघींच्या कानांच्या मध्ये धरून भाषांतर करत होते.

"ते विचारतायत, आता आम्ही काय करायचं?"

आयलीने जरा विचार केला. "त्यांना सांग, गाडीत पेट्रोल भरा."

पण एवढ्या लांब जुन्या फोर्डने जाणं शक्य नव्हतं. शेवटी थिबोंनी कारखान्याची बस मिळवली. पुढच्या फेब्रुवारीत दोन्ही गावांतली माणसं तिच्यात बसली. मागे हिरव्या टोप्या, पुढे आमच्या जुन्या तांबड्या. पहिला दिवस दोन्ही पक्षांत शिष्टाचार होता. दुसऱ्या दिवशी आमच्या एका म्हाताऱ्याने त्यांना ऐकवलं की तुम्ही आमची टीम पळवली म्हणून देवाने तुमची पळवली. त्यावर थिबो म्हणाले की मग आता आपण दोघे मिळून वेसमाउथला शाप देऊ, बस थांबवा, एकत्र बसून नीट देऊ. तिथून पुढे एकच डबा सगळ्यांमध्ये फिरायला लागला.

वेसमाउथला पोचलो तेव्हा बर्फाचा कण नव्हता. बायका बिनबाह्यांच्या कपड्यांत. अरीनात लोक डोक्यावर कापडी मासे घालून बसले होते, कारण टीमचं नाव आता 'मार्लिन्स' होतं. चकती कुठेही गेली तरी ते टाळ्या वाजवायचे. मजेत होते बिचारे. शेजारच्या एका बाईने मला विचारलं की मधली तांबडी रेघ कशासाठी असते, आणि आयलीला तिच्याइतकंच अर्धवट माहीत असल्याने दोघींचं छान जमलं. विकत घेतलेल्या माहितीपत्रकात लिहिलं होतं की टीमची स्थापना गेल्या वर्षी झाली. थिबोंनी ते दोनदा वाचलं आणि चुरगाळून खिशात टाकलं.

मध्यंतरातच आम्ही खाली गेलो. वासिलची खोली मोठी होती आणि स्वच्छ. भिंतीशी नवं मशीन, जुनं कोपऱ्यात चादरीखाली. वासिल खुर्चीत बसला होता आणि खुर्चीतून उठायला त्याला वेळ लागला. चार वाक्यं बोलला की थांबायचा. आयली त्याच्यासमोर उभी राहिली. तिची मान मात्र तिरकी झाली नाही, कारण काय झालंय ते तिला विचारावं लागणार नव्हतं. आयुष्यभर खाणकामगारांच्या छातीचे फोटो पाहिले होते तिने. खाण सोडून किती वर्षं झाली तरी दगडाची धूळ आत काम करत राहते, हे आमच्या गावात सगळ्यांना माहीत होतं, वासिललाही.

"इथल्या डॉक्टरांना दाखवलंस?" तिने विचारलं.

"दाखवलं. त्यांनी तेच सांगितलं, जे तू सांगणार आहेस."

"मग घरी चल. बस आहे."

वासिल हसला, मग खोकला. "टीम सोडून?"

"कुठली टीम, वासिल?"

 वरून टाळ्यांचा आवाज येत होता. मग तो म्हणाला, "तू दर वर्षी येतेस ती टॅमरॅकचं काय राहिलंय ते बघायला. आता मी तेवढा राहिलोय. मी घरी आलो तर तू कुठे जाणार?"

मी भिंतीकडे बघत उभी होते. तिथून निघून जावं असं वाटत होतं, पण दारात थिबो उभे होते आणि ते काही हलत नव्हते.

"कुठेच नाही," आयली म्हणाली. "घरी बसेन. तुला कॉफी करून देईन. मला तर कंटाळा आलाय गाडी चालवायचा."

दुसऱ्या दिवशी वासिल आमच्या बसमध्ये होता. थिबोंनी पुढची, पाय पसरायची जागा त्याला दिली. जुनं मशीन टीमच्या मॅनेजरने खुशाल नेऊ दिलं. चौघांनी ते उचलून खाली सामानाच्या कप्प्यात ठेवलं. घरी पोचेपर्यंत त्यावरून भांडण चाललं होतं. आमची माणसं म्हणत, मशीन टॅमरॅकचं. त्यांची म्हणत, आमच्याकडेही ते कैक वर्षं फिरलंय, आमचाही हक्क आहे. वासिल डोळे मिटून पडला होता. शेवटी ते न उघडताच म्हणाला, "ज्याला धार हवी त्याने टॅमरॅकला यावं. मी आता कुठे जाणार नाही."

तो आयलीच्या घरी उतरला. वसंतात दोघांनी लग्न केलं. पाद्री कोणता बोलवायचा, तिचा की त्याचा, यावर त्यांचं जमेना, म्हणून नगरपालिकेच्या कारकुनासमोर केलं. मशीन तिने न्हाणीघराच्या पुढच्या खोलीत बसवलं. वासिल खुर्चीत बसून सांगायचा, हात तिचे. धूळ त्याच्या छातीत जाऊ नये म्हणून ती आधी त्याला आतल्या खोलीत, काचेपलीकडे बसवायची, आणि तो काचेवर बोटाने टकटक करून तिच्या चुका दाखवायचा. गावातली मुलं स्केट घेऊन यायला लागली. सुरुवातीला तिने बऱ्याच जणांची पाती वाकडी केली. एकदा शाळेची अख्खी टीम डावीकडेच वळत होती, ते मी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय.

पुढच्या जानेवारीत रिव्हिएर-नुआरची बस खरंच आली. थिबोंच्या हातात पिशवीभर स्केट. वासिलच्या शब्दाला धरून ते धार लावायला आले होते. पण एवढ्या लांब येऊन नुसती धार कशी लावायची? कंपनीचं अरीना अजून उभं होतं, बॉयलर चालू होता. दुपारी त्यांच्यातल्या काही जणांनी आणि आमच्यातल्या काही जणांनी बर्फावर उतरून सामना खेळला. पोटं सुटलेले कामगार, दोन शिक्षिका, एक पाद्री, आणि गोलमध्ये आमचा लिओनेल, जो तेव्हा गावात टपाल वाटायचा. मऊ कोपऱ्यात थिबो असे आडवे झाले की त्यांना दोघांनी मिळून उचलावं लागलं. वासिल ब्लँकेट गुंडाळून बाकावर बसला होता. आयली मला विचारत होती की असा सामना खेळायला कुणाची परवानगी लागते का. मी म्हटलं, बहुतेक नाही लागत. तिला ते फार आवडलं.

नंतर दर वर्षी ते यायचे, आणि एका वर्षाआड आम्ही जायचो. वेसमाउथचे मार्लिन्स काही वर्षांत आणखी कुठे तरी गेले म्हणे. कुठे ते मी आयलीला सांगायला गेले, तर ती मशीनवर होती, आवाजात तिला ऐकू आलं नाही, आणि नंतर मीही विसरले.

वासिल पाच वर्षं राहिला. डॉक्टरांनी दोन सांगितली होती. शेवटच्या हिवाळ्यात त्याला श्वासाची नळी लावावी लागली, पण काचेवरची टकटक बंद झाली नाही. तो गेल्यावर मला वाटलं आयली आता धार लावणं सोडेल. अंत्यविधीनंतर लोक जेवून गेले, मी भांडी धूत होते, आणि मशीन सुरू झाल्याचा आवाज आला. जाऊन बघते तर काळ्या पोशाखावर चामड्याचा ॲप्रन बांधून ती उभी. पोस्टातल्या लिओनेलच्या नातीचे स्केट होते, सकाळपासून पडलेले. तिने पातं नखावर घासलं, उजेडाकडे धरलं, आणि म्हणाली, "जोसेट, डावी कड बघ बरं. मला वाटतं जरा उंच राहिलीय."

मी बघितलं. राहिली होती.